खडा दिसला होता

काचेच्या त्या कारखान्यात तिला तोंडावर ‘बाई’ म्हणत आणि पाठीमागे ‘घार’. दोन्ही नावं तिला ठाऊक होती, आणि दुसरं जास्त आवडायचं. सव्वीस वर्षं ती तपासणीच्या टेबलाशी बसत होती. भट्टीतून साच्यात, साच्यातून निवण्याच्या लांब बोगद्यात आणि तिथून पट्ट्यावर, असे ग्लास तिच्यापुढे येत. पांढऱ्या दिव्यासमोर ग्लास एकदा फिरवायचा, बूड बघायचं, कड बघायची. बरा असला तर डावीकडच्या खोक्यात, नसला तर उजवीकडच्या पिंपात. पिंपात पडला की तो खळ्ळकन फुटायचा, आणि त्या आवाजाने तिचा जीव निवायचा.

माणसंही ती अशीच बघायची, आणि बहुतेक माणसं उजवीकडची निघायची. शेजारच्या टेबलावरच्या दोघी तर चीर गेलेला ग्लाससुद्धा ‘चालतंय की’ म्हणून सोडणाऱ्या. त्यांचा माल ती जेवणाच्या सुट्टीत गुपचूप पुन्हा बघायची. नणंद घरात प्लास्टिकचे पेले वापरते एवढ्यावरून तिने तिच्याकडे पाणी पिणं सोडलं होतं. एका मालकांविषयी मात्र ती कधी वाकडं बोलली नाही. मालक म्हातारे झाले होते, वरच्या मजल्यावर बसत, पण काच त्यांना कळायची. ती कामाला लागली त्या दिवशी त्यांनी शंभर ग्लासांत एक केसाएवढी चीर असलेला ग्लास लपवून तिच्यापुढे ठेवला होता. तिने दोन काढले. दुसरा त्यांनाही माहीत नव्हता.

मालकांना मुलगी एकच, आणि मुलीबरोबर जावई आला. जावई हा दहावा ग्रह म्हणतात. बाईंचं म्हणणं, उरलेले नऊ निदान लांब तरी असतात. हा एका काचसामानाच्या मोठ्या प्रदर्शनाला परदेशी जाऊन आठ दिवसांनी परतला तो चौऱ्याऐंशी पानांचा अहवाल घेऊन. ‘जागतिक काचसामान बाजार: कल आणि संधी’ असं त्याचं नाव. त्यात काचेपेक्षा बाण जास्त होते, आणि सगळे बाण वर जाणारे. जावयाच्या दर वाक्यात एकदा तरी ‘कल’ यायचा. ग्राहकाचा कल, हॉटेलांचा कल, तरुण जोडप्यांचा कल. आठवड्याच्या आत बाईंनी त्याचं नाव ‘कलाकार’ ठेवलं, आणि महिन्याच्या आत सगळा कारखाना त्याला तेच म्हणू लागला. त्याच्या कानावर ते गेलं तेव्हा तो खूश झाला.

त्याने सगळ्यांना जेवणाच्या खोलीत बसवून पडद्यावर तो अहवाल दाखवला. त्याचं सांगणं थोडक्यात असं, की स्वच्छ, एकसारखा ग्लास आता मोठमोठ्या देशांतले कारखाने लाखांनी काढतात, तिथे आपला निभाव लागायचा नाही. प्लास्टिकवरून लोकांचं मन उडालंय, काचेला बरे दिवस आलेत, पण कुठल्या काचेला? तर हाताने केल्यासारख्या दिसणाऱ्या. जराशी वाकडी, जराशी हिरवट, आत बुडबुडे असलेली. ग्राहकाला निर्दोषपणाचा कंटाळा आलाय, असं तो म्हणाला, आणि हे वाक्य त्याने पडद्यावर मोठ्या अक्षरांत लिहूनही आणलं होतं.

बाई मागच्या बाकावर होत्या. त्यांनी तिथूनच विचारलं, “म्हणजे पिंपातला माल विकायचा?”

“मावशी, अगदी बरोबर पकडलंत,” जावई म्हणाला.

ती कुणाची मावशी नव्हती, आणि तिने त्याला टोमणा मारला होता. ज्याला जोडा मारला तरी तो हार वाटतो, अशा माणसाशी भांडायचं कसं, हे तिला कळेना.

पुढच्याच आठवड्यात भट्टीवाल्याला हुकूम झाला की काच जरा कमी तापवायची. पुरेशी तापली की तिच्यातले बुडबुडे वर येऊन निघून जातात. कमी तापली की अडकून राहतात. जळणही वाचतं. बाईंच्या टेबलासमोर एक रंगीत तक्ता चिकटवला गेला: एका ग्लासात तीन ते सात बुडबुडे, कडेला एकही नाही. तीनपेक्षा कमी असले तर ग्लास बाद. म्हणजे ज्या नितळ ग्लासासाठी सव्वीस वर्षं डोळ्यांच्या खाचा केल्या, तो आता पिंपात टाकायचा. पहिल्या दिवशी असा एक सुरेख, पाण्यासारखा ग्लास तिच्या हातात आला. तिने तो बराच वेळ धरून ठेवला आणि मग पिंपात सोडला. त्या दिवशी तो आवाज तिला ऐकवला नाही.

ही चूक ठरली असती तर एक वेळ चाललं असतं. पण माल विकला गेला. नुसता विकला नाही, लोकांनी रांगा लावल्या. गुळगुळीत मासिकांत त्या ग्लासांचे फोटो आले, लाकडी टेबलावर, शेजारी सुकलेलं फूल. हॉटेलांच्या मागण्या आल्या. कारखान्यात दोन पाळ्या होत्या त्या तीन झाल्या. जावयाचा बाण खरंच वर गेला. आणि बाईंचा सगळा तिरस्कार जावयावरून घसरून त्या न दिसणाऱ्या लोकांवर गेला, जे दुकानात उभं राहून बुडबुडे मोजत होते. ह्यांच्यासाठी का मी जन्म घालवला, असं ती शेजारच्या दोघींना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणायची. दोघी माना डोलवायच्या. त्यांना नवं काम सोपं जात होतं.

मग खडे येऊ लागले.

खडा म्हणजे काचेत न वितळलेला कण, तिळाएवढा, कधी त्याहून बारीक. बुडबुड्याची भीती नसते, तो नुसता वारा. खडा मात्र भोवतीच्या काचेला सतत ओढून धरतो. ग्लास दिसायला धडधाकट असतो, महिनाभर वापरातही राहतो, आणि एक दिवस कढत काही ओतलं किंवा जरा टेकवून ठेवला की हातातल्या हातात फुटतो. भट्टीवाल्याने तिला सांगितलं की भट्टी कमी तापते म्हणून वाळूचे कण विरघळत नाहीत. बुडबुडे हवे तर खडे आलेच. एकाला आवतण दिलं की दुसरा पाठोपाठ येतो.

ती तीन ग्लास घेऊन जावयाच्या खोलीत गेली. त्याने एक उचलून खिडकीशी धरला.

“छान आहे की,” तो म्हणाला. “प्रत्येक ग्लासाला स्वतःचा स्वभाव हवा.”

तिने त्याला बुडबुडा आणि खडा ह्यांतला फरक सांगितला. एकदाच सांगितला. त्याने अहवालाचं एक पान काढून दाखवलं, त्यात ग्राहकांना नैसर्गिक कण आवडतात असं लिहिलं होतं; ते मातीच्या भांड्यांबद्दल होतं, हे तिने वाचलं आणि त्याने वाचलं नव्हतं. वरच्या मजल्यावर मालक बसले होते. जिन्याच्या वीस पायऱ्या. ती गेली असती तर त्यांनी ऐकलं असतं, हे तिला पक्कं माहीत होतं. पण स्वतःच्या जावयाला डोक्यावर बसवून घेणाऱ्या म्हाताऱ्याला आपण कशाला शहाणं करायचं, असं तिच्या मनात आलं. त्या दिवशी पहिल्यांदा मालकही तिच्या हिशेबी उजवीकडे गेले. ती नाक मुरडून टेबलाशी परतली.

दुसऱ्या दिवशी सकाळी दिव्यासमोर एक खडा चमकला. बुडाच्या वर बोटभर. तिचा हात सवयीने पिंपाकडे वळला आणि थांबला. तुला स्वभाव हवा ना, घे. तिने तो ग्लास डावीकडच्या खोक्यात ठेवला. पुढे दिवसाला पाच-सहा तरी तसे जायचे. तिने एकही नजरचुकीने सोडला नाही. प्रत्येक खडा बघून, ओळखून, मनातल्या मनात जावयाला वाहून सोडला.

तिचा नवरा शाळेची बस चालवायचा. स्वभावाने गरीब, बोलायला कमी, आणि तिच्या टोमण्यांवर पोटभर हसणारा. लग्न टिकण्याचं निम्मं कारण तेच. तिने त्याला जेवताना हा सगळा प्रकार रंगवून सांगितला. जावयाची नक्कल केली, खिडकीशी ग्लास धरलेला. नवरा हसला. मग हसू ओसरलं आणि तो म्हणाला, “पण तो ग्लास उचलणार कोण? जावई थोडाच उचलणार.”

तिने त्याला बस चालवायला सांगितलं, काचेतलं तुम्हाला काय कळतं म्हणून. त्या आठवड्यात ती त्याच्याशी नीट बोलली नाही.

दोन महिन्यांनी एका हॉटेलाकडून पत्र आलं, सोबत फोटो. एका वाढणाऱ्या बाईच्या हातात ग्लास फुटला होता. अंगठ्याच्या मुळापासून मनगटापर्यंत टाके होते, काळे, सात. फुटक्या काचेचेही तुकडे कागदात गुंडाळून पाठवले होते. मालकांनी सगळ्यांना वर बोलावलं. टेबलावर ते तुकडे मांडले होते, आणि बुडाजवळच्या तुकड्यात खडा बसला होता. बाईंना तो लांबूनच दिसला.

जावई तयारीने आला होता. ह्यात कुणाचा दोष काढायचा नाही, असं म्हणत त्याने दोष काढला. मावशींचं आता वय झालं, सव्वीस वर्षं दिव्याकडे बघून कुणाचीही नजर जाईल, त्यात त्यांचा काय अपराध. मग त्याने एका यंत्राचं माहितीपत्रक पुढे केलं. त्यात कॅमेरा होता, तो मिनिटाला दीडशे ग्लास तपासायचा. बाजाराचा कल तिकडेच आहे, असंही तो म्हणाला. मावशींना हलकं काम देऊ, बसल्या बसल्या खोकी चिकटवायचं.

तिने मान खाली घातली असती तर तिथेच सुटली असती. नजर गेली म्हणाली असती, सगळ्यांना दया आली असती. पण ह्या माणसाने, ज्याला बुडबुडा आणि खडा वेगळे दिसत नाहीत त्याने, तिच्या नजरेत खोट काढावी, हे तिला सोसलं नाही. पश्चात्तापाने तिचं तोंड उघडलं असं म्हणता येणार नाही. ते मस्तीने उघडलं.

“मला दिसला होता,” ती म्हणाली. “हाच नाही, सगळे दिसले. दिवसाला पाच-सहा. बघून सोडले मी.”

जावयाला तर तिचं म्हणणं समजलंच नसावं. तो माहितीपत्रक हातात धरून तसाच उभा होता. मालकांनी चष्मा काढला, टेबलावर ठेवला, आणि तिच्याकडे बघितलं. ते बघणं तिच्या ओळखीचं होतं. दिव्यासमोर ग्लास धरून ती रोज तसंच बघायची.

“नजर गेली असती तर मी तुम्हाला चष्मा करून दिला असता, बाई,” ते म्हणाले. “ही गोष्ट वेगळी आहे.”

ते ओरडले नाहीत. तिने त्यांना जिना चढून का सांगितलं नाही, हेही विचारलं नाही. भट्टी उद्यापासून पूर्वीसारखी तापेल, एवढं जावयाला सांगितलं, आणि गोदामातला सगळा माल तिने एकटीने पुन्हा बघायचा, असं तिला. त्यानंतर काय ते बघू.

गोदामात तिने एकवीस दिवस काढले. दुकानांकडून, हॉटेलांकडून माल परत येत होता, त्याचीही खोकी. एक एक ग्लास काढायचा, बॅटरीवरच्या छोट्या दिव्यासमोर धरायचा, फिरवायचा. शेजारच्या दोघींपैकी एक मदतीला आली होती, तिला बाईंनी हाकलून दिलं. खडे सापडत गेले, आणि प्रत्येक ग्लास तिला ओळखू येत होता. हा त्या मंगळवारचा, कंबर दुखत होती तेव्हाचा. हा जावई मागे उभा होता तेव्हाचा. आपली आठवण इतकी चांगली आहे ह्याचा तिला पहिल्यांदा राग आला.

एक दिवस जावई गोदामात डोकावला. त्याचं काही बिघडलं नव्हतं. नवा अहवाल करतोय म्हणाला. सुरक्षित काच हाही एक मोठा कल आहे, त्याच्या आधी लक्षातच आलं नव्हतं. बोलता बोलता त्याने सांगितलं की त्या हात कापलेल्या बाईचं प्रकरणही मिटवलंय. तिला कारखान्यातर्फे सहा ग्लासांचा सेट भेट पाठवला, वर लाल फीत बांधून.

“कुठल्या मालातला?” तिने विचारलं.

“इथलाच. गोदामातला.”

“केव्हा?”

पत्र आलं त्याच्या दुसऱ्या दिवशी, तो म्हणाला. म्हणजे तिने पहिलं खोकं उघडायच्या आधी.

तिने त्याच्याकडे बघितलं. त्याला काय म्हणावं, असं एखादं तरी विशेषण तिच्याजवळ शिल्लक असायला हवं होतं. पण ज्या तोंडाने म्हणायचं ते तोंड कुणाचं, हे आता तिला टाळता येत नव्हतं. तिने पत्ता मागून घेतला, दिवा पिशवीत टाकला आणि निघाली.

घर तिसऱ्या मजल्यावर, दोन खोल्यांचं. दार उघडणारी बाई तिशीतली होती, हाताला पट्टी, दुसऱ्या हाताने कमरेवरचं मूल सावरत. कारखान्यातून आले म्हटल्यावर तिने आत घेतलं, पण बसा म्हटलं नाही. सेट आहे का, असं विचारल्यावर तिने कपाटाकडे बोट दाखवलं. लाल फीत तशीच होती.

“मी काय वेडी आहे, ती काच परत हातात घ्यायला,” ती म्हणाली. “ह्यांच्या बहिणीच्या लग्नात देऊन टाकणार होते.”

बाईंनी फीत सोडली. ओट्यावर दिवा ठेवला आणि एक एक ग्लास फिरवला. पहिले तीन स्वच्छ होते, म्हणजे चार-पाच बुडबुड्यांचे. चौथ्यात खडा होता. तिने तो बाजूला ठेवला, पाचवा-सहावा बघितला, आणि मग चौथा पुन्हा उचलून त्या बाईला जवळ बोलावलं. तो ठिपका दाखवला. हा खडा, तुमच्या हातात फुटला त्यातही असाच होता, असं सांगितलं. मी तपासणारी. मला दिसला होता, आणि मी सोडला, कारण मला एका माणसाचा राग आला होता.

हे सांगून झाल्यावर ती शिव्या खायला उभी राहिली. त्या बाईच्या जागी ती असती तर तिने दिल्या असत्या, आणि चांगल्या निवडून दिल्या असत्या.

त्या बाईने ग्लासला हात न लावता वाकून तो ठिपका बघितला. मग म्हणाली, “म्हणजे मी आपटला नव्हता.”

हळूहळू उलगडलं ते असं. हॉटेलच्या मालकिणीने तिला हलगर्जी ठरवून कामावरून काढलं होतं. कारखान्याला पत्र पाठवलं ते ग्लास बदलून मिळावेत म्हणून. हॉटेलात मात्र बोट दाखवलं ते हिच्याकडे. नवराही म्हणाला, तुझा हात जडच आहे. महिनाभर ऐकून ऐकून तिलाही वाटायला लागलं होतं की आपणच तो जोरात ठेवला असणार.

“हे तुम्ही तिथे येऊन सांगाल?” तिने विचारलं. “मला म्हणताय ते मालकिणीला म्हणा.”

बाईंना आयुष्यात कुणाच्या दारात जाऊन आपला दोष सांगायची पाळी आली नव्हती. मालकांपुढे सांगितला तो ताठ मानेने, जणू बक्षीस घ्यायला उभी आहे. इथे तसं करून भागणार नव्हतं. त्या दोघी, एक मूल आणि एक ग्लास असे निघाले.

दुपारची गर्दी ओसरली होती. हॉटेलची मालकीण गल्ल्यावर होती, जाडजूड, दागिन्यांनी मढलेली, एका नजरेत माणसाचे कपडे, चपला आणि लायकी मोजणारी. एरवी बाईंनी तिला दारातूनच उजवीकडे टाकलं असतं. त्यांनी ग्लास तिच्यापुढे ठेवला, दिवा लावला, खडा दाखवला आणि सगळं पुन्हा सांगितलं, पहिल्यापासून. टेबलं पुसणाऱ्या बायका पुसायच्या थांबल्या होत्या.

मालकिणीने ऐकून घेतलं. ग्लास बोटाने दूर सारला. “इतक्या मोठ्या झालात तुम्ही,” ती म्हणाली, “आणि अक्कल एवढीच?”

“हो,” बाई म्हणाल्या.

दुसरं काही खरं नव्हतं. मालकिणीला हे अपेक्षित नसावं. तिने नाक उडवलं, ती मूल घेऊन उभ्या असलेल्या बाईकडे वळली आणि पट्टी कधी निघणार ते विचारलं. गुरुवारी, ती म्हणाली. मग सोमवारी ये, मालकीण म्हणाली, आणि गिऱ्हाइकाकडे बघायला लागली. माफी वगैरे काही नाही. मूल कमरेवरून घसरत होतं ते त्या बाईने वर घेतलं, आणि बाहेर पडताना बाईंना म्हणाली की उरलेले पाच मी ठेवते, बघितलेले आहेत म्हणून.

बाई कारखान्यात परतल्या आणि गोदामाचं काम संपवलं. पुढे महिन्याभराने मालकांनी त्यांना टेबलावर परत बसवलं. यंत्रही आलं, पण भट्टी नीट तापली तरी कधीमधी येणारे बुडबुडे आणि खडे त्या कॅमेऱ्यालाही वेगळे करता येईनात. तो एकतर सगळं सोडायचा किंवा सगळं फेकायचा. मालक पूर्वी जाता-येता टेबलाशी थांबायचे, एखादा ग्लास उचलून बघायचे. आता थांबत नाहीत. सरळ जिना चढून जातात. बाईंच्या जिभेचा पट्टा अजून चालतो, जावयाच्या प्रत्येक नव्या बाणावर त्या तोंडसुख घेतात, आणि दोघी शेजारणी माना डोलवतात. फक्त खडा दिसला की त्या ग्लास पिंपात टाकत नाहीत. त्या पट्टा थांबवतात, उठतात आणि तो ग्लास हातात घेऊन वीस पायऱ्या चढतात.